प्रतिवादी क्रमांक चार

चौदा वर्षं मी घरचं जेवून शाळेत गेलो. बदलीच्या नोकरीत हे भाग्य फार थोड्यांना मिळतं, आणि ज्यांना मिळतं त्यांना ते कसं मिळतं हे सगळ्या खात्याला ठाऊक असतं. माझं नाव केहर सिंह कटोच. पालमपूरच्या खाली चहाचे मळे संपतात तिथं आमचं गाव आहे. मी गणित शिकवतो. दर तीन वर्षांनी बदल्यांची यादी निघायची, तिच्यात माझं नाव असायचं, आणि आठ दिवसांत आमदाराची चिठ्ठी जाऊन ते निघूनही जायचं. आमदार माझ्या सासऱ्यांच्या बैठकीतले. यात काही गैर आहे असं मला कधी वाटलं नाही. सगळे करतात, मीही केलं.

त्या वर्षी सरकार बदललं, आमदार पडले, आणि जूनच्या यादीत माझ्या नावापुढं पांगी लिहून आलं.

आमच्याकडे अधिकारी थट्टेनं म्हणतात, "नीट वागा, नाहीतर पांगीला धाडीन," आणि ऐकणाऱ्याला काही हसू येत नाही. साच खिंड ओलांडून वर त्या खोऱ्यात जायचं. ती ऑक्टोबरात बर्फानं मिटते ती जूनमध्येच उघडते. मधल्या दिवसांत हेलिकॉप्टर, तेही हवा बरी असली आणि यादीत नंबर लागला तर. दोन हिवाळे आणि तीन उन्हाळे काढले की माणसाची मुदत संपते. पण बदली माणूस वर जाऊन हजर झाल्याशिवाय जुन्याला सोडत नाहीत. हा नियम मला पाठ होता. तो दोन माणसांना बांधतो, एवढं मात्र डोक्यात आलं नव्हतं.

माझ्या जागी पांगीहून येणार होत्या तृप्ता मनकोटिया, विषय गणित. ऑर्डरीवर माझ्या नावाच्या शेजारीच त्यांचं नाव होतं.

"तुम्ही आणि पांगीला?" माझी बायको सरोज म्हणाली. "तुम्हाला साधा चहा करता येत नाही. गुलेरियांच्या जावयानं शिमल्याला जाऊन कोर्टातून बदली थांबवली की नाही? तुम्हीच काय ते एकटे हरिश्चंद्र!"

मी शिमल्याला गेलो. संख्यान नावाचे वकील होते, बदल्यांच्याच केसेस चालवायचे. त्यांनी ऑर्डर उलटसुलट करून पाहिली.

"या बाईंनी कुणाची चिठ्ठी लावलीय का? चिठ्ठीवरची बदली असेल तर एका सुनावणीत उडवतो."

मी चौकशी करूनच गेलो होतो. "नाही. त्यांचे दोन हिवाळे झालेत. नियमानंच येताहेत."

"अरेरे," वकील म्हणाले. "नियमानं येणारी माणसं फार त्रास देतात. बरं, घरी कुणी आजारी?"

"आई आहे. सत्तरीची. गुडघे दुखतात तिचे."

"गुडघे माझेही दुखतात, मास्टरजी. अंथरुणाला खिळलेली आहे का?"

 वकिलांनी पेनाचं टोपण काढलं.

"भाऊबिऊ?"

"थोरला आहे, प्रीतम. आई त्याच्याचकडे असते. शेती करतो."

"म्हणजे त्याच्याच्यानं होत नाही," असं त्यांनीच ठरवलं आणि लिहायला घेतलं.

दुपारी टाइप होऊन कागद आले. याचिकाकर्त्याची वृद्ध माता अर्धांगवायूनं अंथरुणाला खिळलेली असून तिची सर्व देखभाल याचिकाकर्ताच करतो, वगैरे. प्रतिवादी चार होते. पहिले तीन म्हणजे सरकार, संचालक आणि उपसंचालक. चौथ्या तृप्ता मनकोटिया.

"यांचं नाव कशाला?" मी विचारलं.

"घालावं लागतं. तुम्ही राहिलात तर त्या अडकतात ना. घाबरू नका, पांगीहून इथवर कोण येतंय?"

मी प्रतिज्ञापत्रावर सही केली. त्या आठवड्यात माझी आई रोज सकाळी उतारावरचं गवत कापून, भारा डोक्यावर घेऊन प्रीतमच्या गाईंना घालत होती. डॉक्टरचा दाखला कसा मिळवला ते सांगत नाही. मिळतो. तिसऱ्या दिवशी स्थगिती मिळाली, आणि मी शाळेत बर्फी वाटली.

ऑगस्टमध्ये खात्यानं कोर्टाला सांगितलं, आम्ही घरी जाऊन खात्री करतो. गटशिक्षण अधिकारी परमारजी स्वतः येणार असा निरोप आला. निरोप आला सकाळी, आणि ते येणार दुपारी.

मी धावतच वर प्रीतमच्या घरी गेलो. अम्मा अंगणात मक्याची कणसं सोलत बसली होती. तिला पुरतं काही सांगितलंच नाही. एवढंच म्हणालो, "अम्मा, एक साहेब येणार आहेत. तासभर माझ्याकडे येऊन झोपून राहा."

"मला काय झालंय?"

"काही नाही. कागदावर झालंय."

प्रीतम दारात उभा होता. तो माझ्याकडे बघत राहिला, मग आत निघून गेला. अम्मानं हात झटकले आणि माझ्यामागून उतार उतरली. माझ्यापेक्षा भरभर उतरली.

सरोजनं खाट घालून ठेवली होती. उशाशी औषधाच्या बाटल्या मांडल्या होत्या, सगळ्या आमच्याच जुन्या. ऑगस्टचा उकाडा, आणि तिच्या अंगावर आम्ही रजई घातली, कारण नुसती चादर ओढलेलं माणूस आजारी दिसत नाही असं सरोजला वाटलं. परमारजी आले. केस पिकलेला, निवृत्तीला टेकलेला माणूस. खाटेजवळ खुर्ची ओढून बसले.

"अम्माजी, राम राम. उठता येतं का?"

अम्मानं माझ्याकडं पाहिलं. तिच्या कपाळावरून घाम गळत होता.

"नाही," ती म्हणाली.

माझ्या जन्मात मी तिला खोटं बोलताना ऐकलं नव्हतं. लहानपणी वाण्यानं चुकून चार आणे जास्त दिले तर तिनं मला दोन मैल परत पाठवलेलं आहे.

"ताप पण आहे वाटतं," परमारजी म्हणाले. रजईतून अम्माच्या टाचा बाहेर आल्या होत्या. भेगाळलेल्या, आणि भेगांत ओली माती. परमारजींची नजर तिथं गेली. सरोजनं पटकन रजई खाली ओढली.  मग परमारजींनी कागद गुडघ्यावर घेऊन काहीतरी लिहिलं, चहाला नको म्हणाले, आणि जाताना माझ्याकडे न बघता म्हणाले, "चांगलं लिहिलंय मी. म्हातारीला पंख्याखाली घ्या."

ते वळणाआड गेले तशी अम्मा उठली. रजईची नीट घडी घातली. बाटल्या एकेक उचलून सरोजच्या हातात दिल्या.

"केहर," ती म्हणाली, "मला निजवायचंच होतं तर का निजवतोयस ते तरी सांगायचं होतंस. मी सुनेपुढं आणि परक्या माणसापुढं येडी झाले."

"नोकरीचं आहे अम्मा. तुला नाही कळायचं."

"हो, ते खरं," ती म्हणाली आणि चढ चढून गेली. त्यानंतर कित्येक महिने ती माझ्या उंबऱ्याच्या आत आली नाही.

शेवटची सुनावणी सप्टेंबरच्या अखेरीस होती. वकील म्हणाले होते, तुम्ही यायची गरज नाही. मला धीर निघेना म्हणून मी गेलो. कोर्टाबाहेरच्या लांब बाकावर बसलो होतो. एक बाई येऊन शेजारी बसली. पस्तिशीची असेल. अंगावर जाड लोकरी शाल, गाल थंडीनं उललेले, हातात कापडी पिशवी आणि कागदांचा जुडगा.

"भाईजी, चार नंबरचं कोर्ट हेच ना?"

"हेच."

तिनं खात्री करून घ्यायला नोटीस माझ्यापुढं धरली. वर माझं नाव होतं. खाली, चौथ्या ओळीत, तिचं.

"केवढा लांबचा पल्ला हो," ती म्हणाली. "पांगीहून आलेय. खिंडीत दरड कोसळली होती, एक दिवस तिथंच गेला. तुमची कसली केस?"

"जमिनीची," मी म्हणालो.

"भावाशी?"

"हो."

"भावाभावांनी कोर्टात जाऊ नये हो," ती म्हणाली, आणि पिशवीतून कागदाची पुडी काढली. "ठांगी घ्या. पांगीच्या रानातली आहे, बारक्या अक्रोडासारखी. थांबा, फोडून देते, तुमचे दात जातील." तिनं बाकाच्या पायाशी पडलेला एक दगड घेतला आणि टपोऱ्या ठांग्या एकेक फोडून माझ्या तळहातावर ठेवल्या. मी खाल्ल्या.

तिला बोलायचं होतं. वर आठ-आठ महिने त्याच त्या चेहऱ्यांशी बोलून माणूस तसा होतो, हे आता मला कळतं. ती म्हणाली, "काल वाटेत घरी थांबले. नगरोट्याला. माझी मुलगी पाच वर्षांची आहे, जाऊबाईंकडे ठेवलीय. मला आंटी म्हणाली. जाऊबाई बिचाऱ्या ओशाळल्या, तिच्यावर ओरडायला लागल्या. मी म्हटलं, राहू द्या, जी करते तिलाच मम्मी म्हणणार ना पोर."

"मग आता याल की खाली," मी म्हणालो.

"कसली येतेय! मी भांडायलाच निघाले होते. नवऱ्यानं पैसे दिलेत वकिलासाठी. पण बसमध्ये हे कागद वाचत आले." तिनं जुडग्यावर हात ठेवला. "या मास्तरांची आई अर्धांगानं पडलीय. साहेबांनी स्वतः जाऊन पाहिलं, तेही लिहिलंय यात. माझी सासू अशीच चार वर्षं पडून होती, भाईजी. कूस बदलायला दोन माणसं लागायची. तिची पाठ मी रोज पुसलीय. ह्यांना वर धाडलं तर त्या म्हातारीचं कोण करणार? दुसरा मुलगा बघत नाही म्हणे. असतात हो असे भाऊ."

तेव्हा बोलायला हवं होतं. बाकावर आम्ही दोघंच होतो, कुणी ऐकणारं नव्हतं, आणि फक्त एक वाक्य बोलायचं होतं. मी ते वाक्य मनात जुळवलंसुद्धा. पण तोंडातून आलं ते असं: "सरकार देईल की तुम्हाला दुसरा माणूस."

"देईल," ती म्हणाली. "एक हिवाळा अजून, दुसरं काय. त्या म्हातारीचं पाप मी कशाला घेऊ?"

पुकारा झाला. तिनं पुडी माझ्या हातात दिली, "धरा जरा," म्हणाली आणि आत गेली. मी दाराच्या फटीशी उभा राहिलो. न्यायाधीशांनी तिला विचारलं, तुमची मुदत पूर्ण झालीय, खाली येण्याचा तुम्हाला हक्क आहे, हे ठाऊक आहे ना? ती म्हणाली, "ठाऊक आहे जी. पण मला ह्यांना उठवायचं नाही. म्हातारीचे थोडे दिवस असतील, ते मुलाजवळ जावेत." न्यायाधीशांनी मान वर करून तिच्याकडे पाहिलं आणि म्हणाले, असं म्हणणारं माणूस या खोलीत फार दिवसांत आलं नाही. माझी बदली रद्द झाली. प्रतिवादी क्रमांक चार यांच्यासाठी खात्यानं लवकरात लवकर दुसरा माणूस शोधावा, असंही लिहिलं गेलं.

संख्यान वकील हसत बाहेर यायला लागले. ते मला नावानं हाक मारणार हे माझ्या लक्षात आलं. मी पुडी बाकावर ठेवली आणि जिना उतरून पळालो. चाळिशी उलटलेला माणूस, कोर्टाच्या जिन्यावरून पोरासारखा पळत होतो.

दुसरा माणूस मिळाला नाही. मिळणारच नव्हता. ज्याचं ज्याचं नाव निघालं त्यानं त्यानं काहीतरी केलं, आणि तोवर खिंड मिटली.

जानेवारीत शाळेचा कारकून ज्ञानू जिल्ह्याच्या ऑफिसातून आला तो शिक्षकांच्या खोलीत बातमी घेऊनच. "ऐकलंत का मास्टरजी? तुमच्यामुळं अडकलेली ती मनकोटिया बाई. तिच्या पोरीला विषमज्वर झाला. बाई अकरा दिवस रोज हेलिपॅडवर जाऊन बसायची. कधी हवा खराब, कधी सीट दुसऱ्यालाच. बाराव्या दिवशी कळलं पोरीचा ताप उतरला, तर तिनं यादीतून नाव काढून घेतलं. म्हणाली, आता एखाद्या पेशंटला द्या." मग तो म्हणाला, "तुमची काही चूक नाही म्हणा. आईच तशी पडलीय."

सगळ्यांनी सहानुभूतीनं माझ्याकडे पाहिलं.

त्या संध्याकाळी मी प्रीतमकडे गेलो. अम्मा चुलीपुढं बसली होती. मी तिला सगळं सांगितलं, कोर्टात काय लिहून दिलं तिथपासून. प्रीतमबद्दल काय लिहिलं तेही, आणि प्रीतम तिथंच बसलेला होता.  त्यानं आणखी एक लाकूड चुलीत सरकवलं. तो मला मारायला उठला असता तर बरं झालं असतं.

"नाव काय त्या बाईचं?" अम्मानं विचारलं.

"तृप्ता."

"तिची पोर आता बरी आहे?"

"हो."

"मग तू अजून इथं काय करतोयस?"

मी संख्यान वकिलांना फोन केला. म्हटलं, कोर्टाला खरं सांगायचं आहे. ते हसले नाहीत. "मास्टरजी, खोटं प्रतिज्ञापत्र दिलं असं म्हणालात तर नोकरी जाईल, वर फौजदारी होईल. डॉक्टर अडकेल, परमार अडकेल, त्याचं पेन्शन अडकेल. मन खात असेल तर स्वखुशीनं बदली मागा. तेवढंच करा आणि गप्प राहा."

मी तेवढंच केलं. हे लिहितानाही लाज वाटते, पण परमारजींच्या पेन्शनपेक्षा मला माझ्या नोकरीचीच काळजी जास्त होती. अर्जात लिहिलं की आई आता बरी आहे. हे मात्र खरं होतं.

त्यापुढचं मी हिशेबात धरलंच नव्हतं. मे महिन्यात शाळेनं माझा निरोपसमारंभ केला. झेंडूचा हार, कुल्लूची टोपी. मुख्याध्यापक म्हणाले, "आईची सेवा करून तिला उभं केलं, आणि ती उभी राहताच स्वतःहून पांगीला निघाले. पोरांनो, याला म्हणतात कर्तव्य!" पोरांनी टाळ्या वाजवल्या. ज्ञानूच्या डोळ्यांत पाणी आलं. मी उठून दोन शब्द बोलावेत असा आग्रह झाला. मी म्हणालो, मला बोलता येत नाही. त्याचीही टाळी पडली.

जूनच्या शेवटच्या आठवड्यात खिंड उघडली. बर्फाच्या दोन भिंतींमधून जीप वर गेली. किलाडला उतरून दोन तास चढ चढल्यावर शाळा लागली. तृप्ता मनकोटिया वर्गात होत्या. मला पाहून त्या खडू हातात तशाच धरून बाहेर आल्या.

"अहो, तुम्ही!" त्यांना खरंच आनंद झाला होता. "जमिनीची केस! तुम्हीही मास्तर? त्या दिवशी बोलला नाहीत ते. कुठं नाहीसे झालात एकदम? जिंकलात का?"

मी हजर होण्याचा कागद पुढं केला. त्यांनी नाव वाचलं. पुन्हा वाचलं.

"आई गेल्या का?" त्यांनी हळूच विचारलं.

"नाही. आई बरी आहे. ती आजारी नव्हतीच."

 पलीकडे वर्गात कुणीतरी पाढे म्हणत होतं. त्यांचा चेहरा आधी लाल झाला, मग तो रंग उतरला. मला वाटत होतं त्या रडतील, नाहीतर मला काही बोलतील. वाटेत मी त्यांच्या प्रत्येक वाक्याला उत्तर तयार केलं होतं.

"मी गेले नऊ महिने तुमच्या आईसाठी दिवा लावतेय," त्या म्हणाल्या. "रोज. इथल्या मिंधल मातेला नवससुद्धा बोललेय."

"बहनजी, मला माफ—"

"थांबा. जीप दोनला परत जाते ना?" त्या आत गेल्या आणि किल्ल्यांचा जुडगा घेऊन आल्या. "ही कपाटाची. ही लाकडाच्या खोलीची, हिचं कुलूप थंडीत धरतं, थोडं रॉकेल घाला. आठवीची पोरं अपूर्णांकात कच्ची आहेत, त्यांना सातवीपासून परत घ्या. सहावीत एक मुलगी आहे, बोलत नाही, पण तिला सगळं येतं. तिला फळ्याकडे बोलावू नका, जागेवरच वहीत करू द्या."

"बहनजी—"

"मी सांगतेय ते लिहून घ्या. विसराल."

मी वही काढली आणि लिहून घेतलं. त्यांनी माझ्या कागदावर सही केली, मी त्यांच्या. वर्गात जाऊन त्यांनी प्रत्येक मुलाच्या डोक्यावर हात ठेवला. त्याला वेळ लागला. मग त्यांनी एक ट्रंक आणि एक वळकटी बाहेर आणली. मी ट्रंक उचलायला वाकलो तर त्या म्हणाल्या, "राहू द्या." दोन बाप्ये गावातून आले होते, त्यांनी ती उचलली.

उतरणीच्या तोंडाशी त्या थांबल्या. मागं वळून म्हणाल्या, "त्या बाकावर तुम्ही खरं सांगितलं असतं, तर मी तुम्हाला शिव्या दिल्या असत्या आणि आत जाऊन भांडले असते. बास, एवढंच झालं असतं. एवढ्यालाच भ्यालात?"

 त्यांनी उत्तराची वाट पाहिली नाही. त्या भरभर उतरत गेल्या, पहिल्या वळणावर दिसल्या, दुसऱ्यावर दिसल्या, मग देवदारांत दिसेनाशा झाल्या.

इथं माझा आता दुसरा हिवाळा चालू आहे. चहा करता येतो. पुढच्या उन्हाळ्यानंतर माझी मुदत संपेल, आणि खाली कुणीतरी माझ्या नावाशेजारी स्वतःचं नाव वाचून वकिलाकडे जाईल. तो काय करील ते मला ठाऊक आहे, आणि त्याला बोल लावायला मला तोंड नाही. सहावीतली ती मुलगी आता सातवीत आहे. अजून बोलत नाही. मी तिला फळ्याकडे बोलावत नाही.